मुकी मरमट

झाडं बोलतात असं कुणी म्हटलं की दामिनी देवकातेच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. "बोलत नाहीत. त्यांना दुसरे उद्योग आहेत," असं तोंडावर सांगायची. एका चॅनेलनं तिच्या यंत्रावर 'झाडांचा आक्रोश' नावाचा कार्यक्रम केला होता, मागं रडकं व्हायोलिन लावून. तिनं त्या माणसाला फोनवर असा झापला की पुन्हा त्या चॅनेलनं टोमॅटोवरसुद्धा काही दाखवलं नाही.

गोष्ट साधी आहे. झाडाच्या खोडात केसाहून बारीक नळ्या असतात आणि प्रत्येक नळीत मुळापासून पानापर्यंत पाण्याची एक अखंड तार असते. पानातून वाफ उडते, तशी ती तार वर खेचली जाते. खाली मुळाला ओल असली तर तार सुखानं सरकते. नसली तर ताण वाढतो, वाढत राहतो, आणि एका क्षणी तारेत हवेचा बुडबुडा शिरून ती तटकन तुटते. त्या तुटण्याचा 'टक्' असा आवाज होतो. आपल्या कानाला तो लागत नाही, वटवाघळाला लागेल. बास. रडणं नाही, आक्रोश नाही. तहानलेलं झाड टिकटिकतं, पाणी मिळालेलं झाड गप्प बसतं.

दामिनीनं या टिकटिकीचं यंत्र केलं होतं. लिंबाएवढी डबी, खोडाला पट्ट्यानं बांधायची. नाव ठेवलं 'टिचकी'. डबी दिवसभर टिचक्या मोजायची आणि हवं असेल तर खालच्या पट्टीत आणून कानातही ऐकवायची. पण यंत्रापेक्षा मोठी होती ती त्यामागची अक्कल. दख्खनच्या पोटात काळा पाषाण आहे. त्यात पाणी तळ्यासारखं पसरलेलं नसतं, भेगांमधे अडकलेलं असतं. इथं बोअर मारला तर पाणी, दहा पावलांवर मारला तर पाताळापर्यंत फुफाटा. म्हणून पूर्वी लोक हातावर नारळ उभा करणाऱ्या पाणाड्याला बोलवायचे. दामिनीचं म्हणणं, नारळाला काय कळतंय? ज्याचं मूळ त्या भेगांतून खाली उतरलंय त्याला विचारा.

असं मूळ असलेलं झुडूप तिच्या माळावर उदंड होतं. मरमट. बाभळीच्या कुळातली, पण बाभळीसारखी उंच न होणारी. माणसाच्या डोक्याएवढी वाढते, मग आडवी पसरते. बोटभर लांब काटे, हस्तिदंतासारखे पांढरे, जोडीजोडीनं फुटलेले. वर्षभर तिच्याकडं कुणी बघत नाही. माघ लागला की मात्र त्या काट्यांच्या मधून हळदीच्या गोळ्यांसारखे पिवळे गोंडे फुटतात आणि अख्खा माळ नवरदेवासारखा पिवळा होतो. खाली मुरूम, कुसळी गवत, टिटवीची उघड्यावरची अंडी, पखुर्डी पक्ष्यांचे थवे, खोकड आणि लांडगा. हा मरमटीचा मुलूख. आणि सरकारी सातबाऱ्यावर या मुलखाला शब्द आहे पोटखराब. ज्या जमिनीतून नांगर जात नाही ती पोटखराब! शंभर वर्षं हा शब्द वाचून वाचून शहाणी माणसं आली आणि या माळाचं पोट दुरुस्त करायला लागली. कुणी चर खणले, कुणी परदेशी बाभळी लावल्या, फोटो काढले, गेले. परदेशी बाभळी वाळून गेल्या. मरमट आपली होती तिथंच.

दामिनी या माळावरच्या टिटवेवाडीची. धनगराची पोर. शिकायला म्हणून गेली ती बारा वर्षं बाहेरच राहिली, आणि आली ती टिचक्यांची पोती घेऊन.

यायला कारणही तसंच होतं. नवा पाणीकायदा आल्यापासून एका वस्तीला एकच बोअर मिळायचा. सरकारी गाडी येणार, नेमलेला पाणी-तपासनीस दाखवेल तिथं भोक पाडणार. लागलं तर वस्ती राहिली. कोरडं गेलं तर वस्ती 'निर्जल' ठरणार आणि सगळ्यांना हायवेवरच्या नवनगरात हलवणार. नवनगरात नळ होते, लिफ्ट होती, घर फुकट होतं. मेंढरं चालत नव्हती.

टिटवेवाडीची पाणी-तपासनीस म्हणून दामिनीनं स्वतःला नेमून घेतलं. आणि बोअरची गाडी चालवणारा होता तिचा थोरला भाऊ, बिरदेव.

"म्हंजी जागा बहीण दाखवणार आन भोक भाऊ पाडणार," आबा, त्यांचे वडील, ओसरीवर बसून म्हणाले. "लागलं तर देवकात्यांचं नाव, न्हाई लागलं तर देवकात्यांच्या नावानं शिमगा."

"न्हाई लागलं तर न्हाई लागलं," बिरदेव भाकरी मोडत म्हणाला. "नवनगरात पोरीला शाळा हाय. मंडोदरीला डोक्यावर हांडा न्हाई. मी काय चुकीचं बोलतोय? दामे, तूच सांग. तू राहतीस व्हय माळावर?"

दामिनीनं ताटातली भाकरी मोडली. ती माळावर राहत नव्हती, हे खरं होतं.

"तुमच्या मेंढरांचं काय करायचं ते बोल की," चुलीपासून मंडोदरी म्हणाली. ती बिरदेवची बायको, दामिनीची वहिनी. "आबांना लिफ्टमधी घालून चारायला न्यायचं का?"

आबा हसले, पण घास त्यांनी खाली ठेवला. ते बघून दामिनीला कळलं की आपल्याला पाणी शोधायचंय ते वस्तीसाठी वगैरे नाही. या म्हाताऱ्यासाठी.

तिनं महिनाभर माळ पिंजून काढला. शेकडो मरमटींना टिचक्या बांधल्या, काट्यांनी हात सोलून घेतले. बायका हसायच्या, "आली गं पाणाडीण, झाडाच्या गळ्यात ताईत बांधाया!" नकाशा तयार झाला. जिथं टिकटिक जास्त तिथं लाल, जिथं कमी तिथं निळं. जवळजवळ सगळा माळ लाल आला. वस्तीला लागून असलेला एकच पट्टा निळा आला, असा गडद की दामिनीचा स्वतःचा विश्वास बसेना. पाणी पायाशी! मोठं झुडूप जास्त पितं आणि जास्त टिकटिकतं, म्हणून तिनं टिकटिकीत मोठ्या झुडपाला मोठी सूट, छोट्याला छोटी, असा हिशेबही नीट लावला होता. झुडपांचा आकार तिनं गेल्या श्रावणात ड्रोननं काढलेल्या फोटोंवरून घेतला होता. पट्ट्याच्या मधोमध चुन्याची फुली मारून ती मोकळी झाली.

गाडी आली त्या सकाळी अख्खी टिटवेवाडी फुलीभोवती गोळा झाली. कुणी नारळ आणला, कुणी हळदकुंकू. नळकांडी जोडली गेली, कंप्रेसर धडधडायला लागला. बिरदेव गाडीवर चढून खटके बघत होता. कायदा असा होता की बिट, म्हणजे नळकांड्याच्या टोकाचं पोलादी तोंड, जमिनीला टेकला की बोअर सुरू झाला असं धरायचं. मग जागा बदलता येत नव्हती.

दामिनी थोडी लांब उभी होती. कानात तिनं फुलीजवळच्या एका मरमटीची टिचकी लावली होती, उगीच, मनाला बरं वाटावं म्हणून. सावकाश टिकटिक येत होती. गोंड्यांवर माश्या घोंघावत होत्या. त्याच मरमटीपाशी मंडोदरी कोयती घेऊन वाकली होती.

"वहिनी, आता कशाला? नारळ फुटू दे की."

"काल लांडग्यानं आबांचं कोकरू उचललं न्हवं का? मेंढरांच्या वाड्याचं कुंपण विरळ झालंय. गाडी आली म्हणून लांडगा रजेवर जातोय व्हय?" असं म्हणत तिनं झपाझप दोन हात मारले. फुललेली मोठी फांदी खाली आली, मग दुसरी.

आणि दामिनीच्या कानातली टिकटिक मंदावत गेली. मग थांबली.

तिला आधी वाटलं, डबीचा पट्टा सुटला. तिनं जाऊन बघितलं. पट्टा घट्ट होता. झुडूप निम्मं उरलं होतं. मूळ तेवढंच, पानं निम्मी. पिणारी तोंडं कमी झाली, ओढ कमी झाली, तार ढिली पडली, झाड गप्प झालं. पाण्याचा त्यात काही संबंध नव्हता.

तिनं मान वर करून पट्ट्याकडं बघितलं. या बाजूची मरमट खांडलेली, त्या बाजूची खांडलेली. दरवर्षी मार्गशीर्ष सरला की वस्तीतल्या बायका वाड्यांच्या कुंपणाला काटे तोडतात आणि तोडतात ते जवळचे, कारण काट्यांचा भारा लांबून कोण वाहील? ती लहानपणी आईबरोबर हेच करायची. श्रावणातल्या फोटोत सगळ्या मरमटी पुन्हा फुटून गुबगुबीत दिसल्या होत्या, आणि बारा वर्षं बाहेर राहिलेल्या पाणी-तपासनीसबाईंनी, डबी बांधताना नुसतं खोड बघून, ते खरं मानलं होतं. तिनं पाण्याचा नकाशा काढला नव्हता. कोयत्यांचा काढला होता.

"दादा! थांबव!"

कंप्रेसरच्या आवाजात कुणाला ऐकू गेलं नाही. ती धावत जाऊन गाडीवर चढली आणि बिरदेवचा दंडच धरला. बिट जमिनीपासून हातभर वर होता.

"काय झालं?"

"जागा चुकलीय. इथं पाणी नाही."

"कशावरनं?"

"मला माहितीय म्हणून. खाली धूळ निघणार, दादा. नुसती धूळ."

बिरदेवनं तिच्याकडं बघितलं. मग खाली, नारळ घेतलेल्या माणसांकडं. मग लांब, हायवेच्या दिशेला. त्याला काहीच करायचं नव्हतं. खटका दाबायचा होता फक्त. दोष बहिणीचा, फुली बहिणीची, आणि पोरगी येत्या जूनला शाळेत. हे सगळं त्याच्या तोंडावर आलेलं दामिनीला दिसलं, इतकं स्पष्ट की तिनं त्याचा दंड सोडला.

बिरदेवनं इंजिन बंद केलं.

एकदम शांतता झाली. टिटवी ओरडली तेवढी. त्यानं खिशातून फोन काढला आणि वरच्या देशमानेसाहेबांना लावला. "साहेब, कंप्रेसरचा पायीप फुटला. व्हय साहेब. न्हाई, मीच बदलतो. संध्याकाळपतुर." पलीकडून बराच आरडाओरडा झाला. "व्हय साहेब, संध्याकाळला गाडी पुढच्या गावाला निघाली पायजे, कळलं. भोक पडलं तर पडलं, न्हाई तर टिटवेवाडी गेली. कळलं."

फोन ठेवून तो म्हणाला, "दामे, दिवस मावळेपतुर. त्याच्यापुढं माझ्या हातात न्हाई."

तोवर लोकांना कळलं होतं. जे बोलायचं ते बोलून झालं. "शिकलेली हाय म्हणं!" "आमचा नारळ वाया!" एक म्हातारा तर म्हणाला की याच्यापेक्षा हातावरचा नारळ बरा होता. दामिनीनं सगळं ऐकून घेतलं. एरवी तिनं एकेकाला धुतला असता.

"चूक माझी आहे," ती म्हणाली. "पण आता मला सगळ्या बायका पाहिजेत. प्रत्येक मरमट कुणी तोडली, किती तोडली, सांगायचं. लगेच."

कुणी हललं नाही. मग मंडोदरीनं पदर खोचला आणि कोयती वर करून ओरडली, "चला गं! आजपतुर चोरून तोडलेलं आज कबूल करायचंय, शिक्षा न्हाई!"

हशा पिकला आणि माणसं हलली. नंतर माळावर जे सुरू झालं त्याला विज्ञान म्हणायला पुण्यामुंबईचे प्रोफेसर तयार झाले नसते. झुडपापाशी जायचं, दामिनी विचारणार "ही कुणाची?" आणि उत्तरं.

"माझी. निम्मी तोडली."

"अगं ए, तुझी कशी? ही आमच्या वाट्याची! म्हणजे पौषात तूच नेलीस व्हय?"

"मग? तू माझी न्हेली तवा?"

"भांडा मागनं. किती तोडली ते सांगा."

"बुडखा तेवढा ठेवलाय, बाई. खोटं कशाला बोलू?"

दामिनी आकडे भरत जाई. कुणाचीही मरमट कुणीही तोडलेली निघत होती. वर्षानुवर्षांच्या चोऱ्या भर उन्हात उघड्या पडत होत्या आणि बायका एकमेकींना शिव्या घालत पुढच्या झुडपाकडं पळत होत्या. पाय काट्यांनी रक्ताळले. कुणी थांबलं नाही. आपलं गाव राहतंय की उठतंय, हे आपण तोडलेल्या फांद्या आठवण्यावर अवलंबून आहे, असा प्रसंग कुणावर कधी आला असेल? या बायकांवर आला, आणि त्यांनी एक फांदी लपवली नाही. नंतर पुष्कळ वर्षं दामिनी सांगायची की माझ्या नकाशावर खाली नावं लिहायची झाली तर पहिली यांची लिहा.

ऊन उतरायला लागलं तेव्हा नकाशा पुन्हा काढला. वस्तीजवळचा पट्टा लालभडक झाला. पानं निम्मी असूनही त्या मरमटी एवढ्या टिकटिकत होत्या, म्हणजे तहान भयंकर होती. रंग एकमेकांच्या तुलनेनं ठरायचे, म्हणून खोटा निळा पट्टा गेला तशी, जिथं आधी फिकट तांबूस होतं अशी एक जागा निळी उजळली. माळाच्या पार टोकाला, लांडगओघळ.

तिथं कुणीच "माझी" म्हणालं नव्हतं. तिथल्या मरमटी कुणी तोडतच नव्हतं. ओघळीत लांडग्याचं बीळ होतं, पिढ्यान्पिढ्या. तिथं भारा आणायला जाण्याची कुणाची छाती नव्हती. म्हणून तिथल्या मरमटी भरदार होत्या, घागऱ्यासारख्या घेराच्या, गोंड्यांनी लगडलेल्या. त्यांची मुळं मुरूम धरून होती, खाली पाला कुजत होता, पावसाचं पाणी वाहून न जाता जागीच जिरत होतं. एवढा पानोळा आणि एवढी कमी टिकटिक. खाली ओल असल्याशिवाय हे होत नाही.

गाडी ओघळीपाशी नेली. नकाशात सगळ्यात गडद ठिपका बिळाच्या अगदी तोंडाशी होता. दामिनी तिकडं निघाली तसे आबा आडवे आले.

"तिथं नगं."

"आबा, तिथंच सगळ्यात पक्कं आहे."

"मादी व्यालीया. पिल्लं आत हायत. हे धूड तिथं धडधडलं तर ती पिल्लं टाकून जाईल."

"कालच कोकरू नेलंय तिनं तुमचं!" कुणीतरी ओरडलं.

"नेलं की. माझं नेलं, तुला काय झालं?" आबा तिकडं न बघता म्हणाले. मग दामिनीला हळूच, "पोरी, ती इथं नसती तर ह्या मरमटी तुझ्या वैनीनं आन बाकीच्यांनी ठेवल्या असत्या व्हय? जरा अलीकडं बघ. जमतंय का बघ."

दामिनीनं नकाशा बघितला. निळी रेघ ओघळीतून वर सरकत गेली होती, भेग गेली असेल तशी. वर जाईल तशी फिकट होत होती. शेवटची गप्प मरमट बिळापासून चांगल्या गोफणीच्या टप्प्याबाहेर होती. तिथं पाणी असण्याची शक्यता होती. खात्री नव्हती. सकाळी खात्री होती तेव्हा काय झालं हे तिला आठवलं, आणि का कोण जाणे, तिला हलकं वाटलं.

"इथं," ती म्हणाली. "झाडापासून थोडं बाजूला. फांदी मोडायची नाही."

बिट टेकला. धूळ उडाली. पांढरी, मग तांबडी, मग काळी धूळ. माणसं केसांपासून पायांपर्यंत भुतासारखी झाली. नळकांडी एकामागून एक खाली जात होती आणि वर फक्त फुफाटा. सूर्य टेकायला आला. कुणीतरी उठून घराकडं चालायला लागलं. आबा खाली बसले, डोक्यावरची घोंगडी तोंडावर ओढून.

बिरदेवनं अजून एक नळकांडं जोडलं. त्याच्याकडं तेवढंच उरलं होतं.

धूळ उडेनाशी झाली. आधी कुणाच्या लक्षातच आलं नाही. भोकातून गरगटासारखं काहीतरी बाहेर पडलं, मग चिखल, मग चिखलाची पिचकारी, मग पाणी. गढूळ, काळपट, जोरदार पाणी बिरदेवच्या छातीवर आदळलं आणि तो मागं पडता पडता राहिला.

कोण काय ओरडलं ते सांगता येत नाही. सकाळचा तो म्हातारा तोंड उघडं टाकून पाण्याखाली उभा राहिला. दामिनीला कुणीतरी खांद्यावर घ्यायला आलं तर तिनं त्याला ढकलून दिलं. ती गाडीमागं गेली आणि बिरदेवपाशी उभी राहिली. तो शर्ट पिळत होता.

"तुझं घर गेलं, दादा."

"गेलं."

"मग का थांबवलंस सकाळी?"

"कोरडं भोक पाडून मिळालेल्या घरात मला झोप लागली असती," बिरदेव म्हणाला. "तुझ्या वैनीला लागली नसती. आन तिनं मला लागू दिली नसती." तो हसला, मग नाक शिंकरून म्हणाला, "पोरीच्या शाळेचं तूच बघायचं आता. जूनला घिऊन जा तिला तुझ्याबरोबर."

"नेते," दामिनी म्हणाली. तिला त्याच्या पाया पडावंसं वाटलं. पडली असती तर त्यानं आयुष्यभर चिडवलं असतं, म्हणून ती त्याच्या ओल्या पाठीत एक गुद्दा घालून बाजूला झाली.

पाणी निवळायला लागलं तशी मंडोदरी घागर घेऊन आली. पहिली घागर भरली. आता ती आबांना देईल असं सगळ्यांना वाटलं. ती घागर कमरेवर घेऊन त्या शेवटच्या मरमटीपाशी गेली आणि वाकली.

दामिनीला राहवलं नाही. "वहिनी, तिला कशाला? तिचं मूळ पाण्यात बुडालंय. तिला नकोय ते."

"ठाव हाय मला, वन्सं," मंडोदरी म्हणाली. "तहान भागवाया न्हाई घालत."

घागर जड होती. दामिनीनं पुढं होऊन दुसऱ्या बाजूनं हात लावला आणि दोघींनी मिळून ती सावकाश, शेवटपर्यंत रिकामी केली.